उटकटारी आणायला

पन्नासेक वर्षांपूर्वी, मार्गशीर्षातल्या एका दुपारी, मी उटकटारीचं मूळ म्हणून पिवळ्या धोतऱ्याचं मूळ उकरून आणलं, आणि ते एका अडलेल्या बाईच्या केसांत बांधलं गेलं. कबूल करून टाकलं, बरं वाटलं. आता ज्यांना ही दोन्ही झाडं ठाऊक आहेत त्यांनी हसून घ्यावं. ज्यांना ठाऊक नाहीत त्यांनीही हसायला हरकत नाही, कारण त्या दिवशी मलाही ठाऊक नव्हती.

दोघांत सारखं काय, तर काटे. धोतऱ्याचं पान काटेरी, त्यावर पांढऱ्या रेघा, फूल पिवळंधमक आणि पतंगाच्या कागदासारखं पातळ. देठ मोडला की पिवळा चीक. उटकटारीचं पानही काटेरी, पण वरून हिरवं आणि खालून पांढऱ्या लोकरीचं अस्तर लावल्यासारखं. तिचं फूल म्हणजे एक गोल चेंडू, लिंबाएवढा, चहूबाजूंनी काटे काढलेला, आणि त्या काट्यांच्या मधून फुटलेल्या बारक्या बारक्या निळसर पांढऱ्या चांदण्या. एकदा पाहिली की माणूस जन्मात चुकायचं नाही. पण एकदा पाहिलेली तर हवी. मी मॅट्रिकच्या वहीत जास्वंदीच्या उभ्या छेदाची आकृती काढून दहापैकी नऊ मार्क मिळवले होते, आणि एक मार्क कापणाऱ्या बाईंवर माझा अजून राग होता. एवढ्या भांडवलावर मी सासरी झाडांबद्दल बोलत असे. पुंकेसर, परागकण, काय काय. आत्याबाई, म्हणजे माझ्या सासूबाई, भाकरी थापता थापता ऐकून घ्यायच्या आणि म्हणायच्या, "बरं."

त्या "बरं"चा अर्थ कळायला मला पुष्कळ वर्षं लागली.

यंदाचा मार्गशीर्ष आला तो उसाच्या ट्रॅक्टरांवर बसून. कोल्हापुरात आमचं घर चौथ्या मजल्यावर आहे, तरी ट्रॉल्यांवरची गाणी थेट देव्हाऱ्यापर्यंत येतात. सकाळी गॅलरीत उभं राहिलं की वारा कधीकधी कुठल्यातरी गुऱ्हाळाचा वास आणतो, उकळत्या रसाचा, किंचित करपलेला. आणि मग मला कुणी न सांगताच कळतं की माळावर उटकटारी फुलली असणार. कॅलेंडर बघायची गरज पडत नाही. डावा गुडघा आणि तो वास, दोघं मिळून सांगतात.

घरात मी एकटी. नात रेवा पुण्यात, तिचे दिवस भरलेले. पूर्वी पहिलटकरीण माहेरी यायची, आता माहेरच उठून तिच्याकडं जातं. मुलगा आणि सून सुनीता आठ दिवसांपूर्वीच गेले. मला नेलं नाही, कारण माझे गुडघे, पुण्याची थंडी आणि तिथल्या दोन खोल्या. कारणं सगळी खरी होती. खऱ्या कारणांचं हेच वाईट, त्यांच्याशी भांडता येत नाही.

सुनीताचा रोज सकाळी फोन यायचा. परवा आला तेव्हा ती म्हणाली, "आई, आवाज असा का येतोय? रडताय काय?"

"छे गं. कांदा चिरतेय."

"एकट्या माणसाला सकाळी आठ वाजता एवढा कांदा?"

"कांदाच तेवढा मोठा आहे."

तिनं कांदा सोडून दिला. मग म्हणाली, "बरं, आई, एक काम कराल? बाळाला एक कुंची शिवून ठेवा. तुमच्या त्या जुन्या लुगड्याची. तसलं मऊ कापड इथं मिळत नाही बघा."

मी हो म्हटलं. असल्या कामाला हो म्हणायचं असतं, हे मला फार पूर्वी एकदा शिकवलं गेलंय.

तर, माळ. आमचं सासरचं गाव कागलच्या बाजूचं. खाली ओढा, ओढ्याच्या कडेनं घरं आणि काळ्या मातीचे वाफे, आणि वर चढून गेलं की माळ. मुरूम, दगड, कुसळ आणि वारा. नांगर लावावा तर फाळ मोडायचा, म्हणून तिथं माणसानं काही पेरलं नाही, आणि म्हणूनच तिथं उटकटारी होती. ही बया मोठी विचित्र. धोतरा माणसाच्या मागं मागं येतो, रस्त्याची भर, पडकी भिंत, उकिरडा, जिथं माणसानं माती उकरली तिथं हा हजर. उटकटारीला शेजार नको. जिथं पाणी टिकत नाही, सावली नाही, कुणी फिरकत नाही, तिथं ती गुडघाभर उंच उभी राहते, मुळी खोल मुरमात सोडते, आणि सगळं गवत वाळून पिवळं पडलं की मग निवांत फुलते. नावात तिच्या उंट आहे, मूळचं उंटकटारी. आमच्याकडं उंट फक्त जत्रेत यायचा, पोरांना पाठीवर बसवून फिरवायला. त्यानं तिला कधी तोंड लावलं असेल असं वाटत नाही.

मी लग्न होऊन त्या गावात गेले तेव्हा एकोणीस वर्षांची होते आणि स्वतःला फार शहाणी समजत होते. गल्लीत वाढलेली. दाराबाहेर पाय टाकला की चार मैत्रिणी, हाक मारली की सहा. आणि इथं संध्याकाळी दिवे लागले की नुसता ओढ्याचा आवाज. नवरा साखर कारखान्यात पाळीवर, सासरे देवमाणूस पण बोलायचे ते बैलांशी, आत्याबाईंचं ते "बरं". माझ्याशी हसणारं माणूस घरात एकच होतं, शेवंतावन्सं. माझी नणंद, माझ्याहून दोन वर्षांनी मोठी, पहिल्या बाळंतपणाला माहेरी आलेली. मी "आहे" म्हटलं की ती पोट धरून हसायची. "आहे म्हणती बगा ही. घरात रेडिओच आणलाय दादानं." मग पोट अवघडलं की हसणं थांबवून माझाच हात धरून उठायची. दुपारी मी तिची वेणी घालायची आणि ती मला गावातल्या एकेका बाईची नक्कल करून दाखवायची. ती बाळंत होऊन सासरी गेली की माझं काय होणार, या विचारानं मला तेव्हापासूनच रडू यायचं. एवढी मी स्वार्थी होते. तिच्या बाळाचा विचार नव्हता, माझ्या वेणीफणीचा होता.

त्या दिवशी पहाटेपासून तिच्या कळा सुरू झाल्या, आणि सूर्य डोक्यावर आला तरी सुटका होईना. हे सायकलवरून कागलला नर्सबाईंना आणायला गेले होते. आत्याबाई आतल्या खोलीत वन्संच्या पाठीला आपली पाठ लावून बसल्या होत्या. आणि मी काय करत होते? दाराची चौकट धरून उभी होते आणि भोकाड पसरून रडत होते. लहान पोर रडतं तशी. मधेच वन्संनी ओरडावं, की मी तिच्याहून मोठ्यानं. बाळंत कोण होतंय असा ऐकणाऱ्याला प्रश्न पडावा.

आत्याबाईंनी मान वळवून माझ्याकडं पाहिलं. "ए शाळंवाली."

मी हुंदका गिळला.

"माळावर जा. उटकटारीचं मूळ पायजे. वळखतीस न्हवं?"

"व्हय," मी म्हणाले. त्या घरात मी पहिल्यांदाच "व्हय" म्हणाले, आणि तेही खोटं.

"लाकडानं उकर. लोखंड लावायचं न्हाय. वाटंत कुणासंगट बोलायचं न्हाय. झाडाला हात जोड, म्हण, काम हाय, चल. आन् येताना मागं बघायचं न्हाय. जा. पळ."

बाई अडली की हे मूळ काळ्या दोऱ्यानं तिच्या केसांत बांधायचं आणि मूल बाहेर आलं की त्याच घडीला सोडायचं, असा आमच्याकडचा जुना रिवाज. खरं-खोटं मला विचारू नका. माझी स्वतःची बाळंतपणं दवाखान्यात झाली आणि तिथल्या डॉक्टरीणबाईंनी माझ्या केसांतला गजरासुद्धा काढून ठेवायला लावला. पण त्या दिवशी माझा विश्वास होता की नव्हता, हा प्रश्नच नव्हता. वन्सं वाचायला हवी होती. तिला वाचवायचं काम माझ्याकडं आलं होतं, आणि ते झाड मला ओळखता येत नव्हतं.

विचारावं तर वाटेत बोलायचं नाही. आता गंमत बघा. मी मॅट्रिक, विज्ञानाची आवड, आणि "बोलायचं न्हाय" हा नियम मात्र मी अगदी अक्षरशः पाळला. ओढ्यावर एक म्हातारबा म्हशी धूत होते. "कुटं निघालीस, सूनबाय?" त्यांनी विचारलं. ते पिढ्यान्‌पिढ्या त्या मातीतले, त्यांना विचारलं असतं तर बोट दाखवून मोकळे झाले असते. मी तोंड घट्ट मिटलं, मान ताठ केली आणि पुढं गेले. शहरातली सून लई तोऱ्याची आहे, ही बातमी त्या एका मिटल्या तोंडानं गावभर झाली आणि वर्षभर पुरली.

माळाच्या चढापर्यंत मी गेलेच नाही. नव्या रस्त्याची भर टाकली होती तिथंच मला ते दिसलं. काटेरी पान, पांढऱ्या रेघा. माझं मन म्हणालं, काटे आहेत, झालं तर. चढ चढायचा वाचला. मी त्याच्यासमोर उभी राहून हात जोडले. "चल" म्हणायला जीभ रेटेना, नव्या ओळखीत एकदम एकेरी कसं यावं, म्हणून मी म्हणाले, "काम आहे, चला." त्या धोतऱ्याला आजवर कुणी अहोजाहो केलं नसेल. मग एक काटकी घेऊन मी उकरत बसले. काटे बोटांत घुसत होते, पिवळा चीक मनगटापर्यंत आला होता, बांगड्यांना माती लागली होती आणि मी एकीकडं रडत, एकीकडं परागकण परागकण म्हणावं तसं देवाचं नाव घेत होते. मूळ निघालं. मी ते पदरात धरलं आणि मागं न बघता जी पळत सुटले ती थेट उंबऱ्याशी.

आत्याबाईंनी हात पुढं केला. मुळाकडं पाहिलं. माझ्या हातांकडं पाहिलं. मग काळा दोरा घेतला.

यंदा परवा सकाळी साडेनऊला सुनीताचा पुन्हा फोन आला. "आई, रेवाला आत नेलंय. काळजी करू नका. कुंची कुठवर आली?"

"कापलीय," मी म्हणाले. कापली होती हे खरं. चष्मा लावून सुईत दोरा ओवायला बसले, तर दोरा सुईच्या डावीकडून जाई, उजवीकडून जाई, मधून काही जाईना. घर एवढं शांत की फ्रीज मधेच घरघरला तरी आपल्याला कुणी हाक मारली असं वाटावं. मी उठले, चप्पल घातली, कुंची पिशवीत टाकली आणि खाली उतरून रिक्षा केली. कुणाला सांगितलं नाही. सांगायला होतं कोण?

रिक्षावाला पन्नाशीचा, मिशा पांढऱ्या. हायवेनं कागल सोडून आत वळलो तेव्हा त्यानं आरशातून विचारलं, "आज्जी, हितं कुणाकडं जायचं हाय?"

"उटकटारीकडं."

"आडनाव काय त्यांचं?"

मी म्हटलं, "पाटीलच असंल. आपल्याकडं दुसरं काय असतंय?"

आमच्या माळाचा मोठा भाग आता एमआयडीसी आहे, आणि तीही पंचतारांकित. आमच्या वेळी त्याच माळावर संध्याकाळी आभाळात मोजता येणार नाहीत इतके तारे निघायचे, सरकारनं मोजून पाच दिले. तक्रार म्हणून सांगत नाही. गावातल्या कितीतरी घरांची चूल त्या शेडांवर पेटते, माझ्या पुतण्याचीसुद्धा. उरलेल्या माळावर पाणी चढलं आणि ऊस आला. पाणी आलं की उटकटारी जाते, तिला कुणी हाकलावं लागत नाही. एकदा मी तिचं बी आणून गॅलरीत कुंडीत लावलं होतं. कौतुकानं रोज पाणी घातलं, वर चहाची पावडर घातली. चार पानं आली आणि मुळातून कुजून गेली. रेवा तेव्हा शाळेत होती. म्हणाली, "आजी, तिला तू नको होतीस." पोरीची जीभ माझ्यावर गेली आहे.

तिलाच मी एकदा माळावर नेऊन ती फुलं दाखवली होती. तिनं एक चेंडू अंगठ्यानं हळूच दाबला, टोचल्यावर चोखला आणि म्हणाली, "काटेरी लॉलीपॉप." पुढं ती मोठी झाली, पुण्याला गेली, आणि करोनाच्या दिवसांत टीव्हीवर तो काट्याकाट्यांचा गोळा सारखा दाखवायला लागले तेव्हा मी एकटीच म्हणत होते, अगं ही तर आमची उटकटारी. सगळं जग ज्याला घाबरत होतं ते बघून मला माळाची आठवण यायची. हे कुणाला सांगायची चोरी. रेवाला फोनवर सांगितलं तर ती खूप वेळ हसली, आणि मग म्हणाली, "आजी, मला पण तेच वाटलं होतं." त्या दिवशी मला फार कमी एकटं वाटलं.

कारखान्यांच्या कुंपणाच्या मागं एक दगडी पट्टा अजून शिल्लक आहे, कशातच न बसलेला. रिक्षावाल्यानं माझा दंड धरला आणि आम्ही हळूहळू चढलो. कुसळं पहिल्या दहा पावलांतच लुगड्याच्या काठाला बिलगली, जुनी ओळख असल्यासारखी. वारा होता. एक चंडोल वर जाऊन गायला आणि दगडासारखा खाली आला. आणि एका उताराला, उन्हात, त्या उभ्या होत्या. मोजून तीन. मधल्या झाडाच्या चेंडूवर मधमाशांची गर्दी, बाकी पाखरू नाही.

"ही व्हय?" रिक्षावाला म्हणाला. "ही आमच्या बाच्या माळावर लई हुती. शेरडंबी तोंड लावत न्हाईत हिला. हिच्यासाठी आलायसा एवढ्या लांब?"

"हिच्यासाठी."

"औषधाला?"

"भेटायला."

त्यानं माझ्याकडं आणि मग रिक्षाकडं पाहिलं, आणि म्हणाला, "मग बसा की निवांत. मी हाय."

मी दगडावर बसले. पान हळूच उलटं करून पाहिलं, खालची लोकर तशीच, पांढरी, मऊ. एवढे काटे बाहेरून, आणि आत हे. आत्याबाईंनी मला शिकवलं होतं, "वरनं बघून वळखायचं न्हाय. उलटं करायचं." पुढं कितीतरी मार्गशीर्ष आम्ही दोघी या माळावर शेरडं घेऊन यायचो. त्या कमी बोलायच्या, मी जास्त. हळूहळू मीही कमी बोलायला शिकले. संध्याकाळी ओट्यावर बसून एकमेकींच्या लुगड्याची कुसळं काढायचो, माकडिणी काढतात तशी, आणि शेवंतावन्सं माहेरी आली असली की आम्हाला तेच म्हणायची. आता आत्याबाई नाहीत. हे नाहीत. शेवंतावन्सं मागच्या आषाढात गेली. धोतऱ्याचा किस्सा ठाऊक असलेली ती शेवटची. म्हातारपणी आम्ही दोघी फोनवर तेवढ्या एकाच गोष्टीवर हसायचो. ती फोन उचलल्या उचलल्या म्हणायची, "काय मॅट्रिकबाई, चला म्हणालीस न्हवं तू त्याला?" आणि पुढं दोघींनाही बोलता यायचं नाही. माणूस गेल्याचं दुःख असतंच. पण आपली मूर्खपणाची गोष्ट ठाऊक असलेलं शेवटचं माणूस गेलं, की आपण उगाचच शहाणे उरतो. आता मला सगळे मान देतात. चिडवत कुणी नाही.

मी रिक्षावाल्याला तो किस्सा सांगून पाहिला. तो हसला, मनापासून हसला, पण चुकीच्या जागी. तो म्हशीवाल्या म्हातारबावर हसला.

मग मी उटकटारीला हात जोडले आणि म्हणाले, "काम हाय." पुढचं "चल" तोंडातच राहिलं. चल म्हणून न्यायचं कुठं? पुण्याच्या त्या हॉस्पिटलात चपलासुद्धा बाहेर काढून ठेवतात म्हणे. आणि तीनातलं एक उपटलं तर दोन राहतात, एवढं गणित मला मॅट्रिकला होतं. मी म्हटलं, "काम हाय. हितंच ऱ्हा." पिशवीतून कुंची काढली. उन्हात, उघड्या माळावर, काय सांगू, पहिल्याच फटक्यात सुईत दोरा गेला. मी शिवत बसले. रेवा आत होती. दर टाक्याला मी फोनकडं बघत होते आणि दर टाका वाकडा पडत होता.

त्या दिवशीही असंच झालं होतं, वाट बघायची आणि हाताला काम. मूळ बांधल्यावर आत्याबाईंनी मला चुलीपुढं बसवलं होतं, पाणी तापव म्हणून. मी फुंकणीनं फुंकत होते, पिवळ्या हातांनी लाकडं सारत होते आणि आता मला रडायला सवडच नव्हती. आतून आत्याबाईंचा आवाज येत होता, संथ, एकसारखा. "सोस गं बाळा. आणलंय मूळ. माळावरनं पळत आणलंय तुझ्या वैनीनं." मग सायकलची घंटी वाजली, नर्सबाई कॅरियरवरून उतरल्या, हात धुऊन आत गेल्या. किती वेळ गेला सांगता येत नाही. उन्हं ओसरीवरून अंगणात उतरली तेव्हा ते रडणं ऐकू आलं, बारीक, रागावलेलं. मुलगी झाली होती. आत्याबाई बाहेर आल्या, केसांतून सोडलेलं ते मूळ माझ्या हातात दिलं आणि म्हणाल्या, "ओढ्यात सोडून ये." मी सोडून आले. येताना म्हातारबांना सांगितलं, "मुलगी झाली हो." ते म्हणाले, "आता फुटलं व्हय तोंड?"

परवा माळावर फोन वाजला तेव्हा माझी सुई कुठं पडली ते अजून कळलेलं नाही. रेंज येत जात होती. सुनीताचा आवाज तुटत होता. "आई... मुलगी... दोघी छान आहेत... रेवा विचारतेय..."

"काय विचारतेय?"

"आजी रडली का, विचारतेय."

"नाही म्हणून सांग. मी कामात आहे."

"वारा कसला येतोय हो आई? कुठं आहात तुम्ही?"

"गॅलरीत," मी म्हणाले. पन्नास वर्षं झाली तरी माझं खोटं काही सुधारलं नाही.

"बरं. कुंची झाली का? इथं तीन-चार आल्यात भेट म्हणून, कपाटात ठेवल्यात. पहिली तुमचीच घालणार आहोत. शनिवारी हे न्यायला येताहेत तुम्हाला, तयार राहा."

मी फोन पिशवीत ठेवला. "काय झालं, आज्जी?" रिक्षावाला विचारत होता. "मुलगी," मी म्हटलं. तो म्हणाला, "मग पेढं?" पिशवीत खडीसाखर होती, ती त्याला दिली, थोडी तोंडात टाकली, आणि दोन खडे तिथंच उटकटारीच्या बुंध्याशी ठेवले. मुंग्यांची सोय झाली. परत येताना मी मागं बघितलं. आता कुठला नियम मोडणार होता?

रिक्षात बसून लुगड्याची कुसळं काढत होते, आणि मला महिन्याभरानंतरचा तो दिवस आठवला, वन्संच्या लेकीच्या बारशानंतरचा. पाहुणे जाऊन घर रिकामं झालं होतं. आत्याबाईंनी मला पहिल्यांदाच आपल्याबरोबर माळावर नेलं. शेरडं पांगली, आम्ही बसलो. त्यांनी काठीनं एका झाडाकडं दाखवलं. "ही उटकटारी. नीट बघून घे." मी बघितलं. काटेरी चेंडू, निळसर चांदण्या, पिवळं काहीसुद्धा नाही. मी आणलं ते हे नव्हतं. बारशाला सगळ्या बाया म्हणत होत्या, उटकटारीनं सोडवलं गं शेवंताला, आणि मी मान डोलावत बसले होते. वन्संना काही झालं असतं तर? मी तिथंच आत्याबाईंच्या पायावर डोकं ठेवलं आणि सगळं सांगितलं, ओळखत नसताना व्हय म्हणाले ते, चढ चढायचा आळस केला ते, धोतऱ्याला चला म्हणाले तेसुद्धा. आत्याबाई माझ्या पदराची कुसळं काढत होत्या. त्यांचा हात थांबला नाही. एक कुसळ काढलं, वाऱ्यावर सोडलं, आणि त्या म्हणाल्या,

"पिवळं हात घिऊन आलीस तवाच वळखलं की मी. उटकटारीचं मूळ सकाळपास्नं माझ्या कनवटीलाच हुतं, पोरी. पर तू दारात हुबं ऱ्हाऊन रडत हुतीस, आन् शेवंता कळ द्यायची सोडून तुझ्याच तोंडाकडं बघत हुती. तुलाबी कायतरी काम पायजे हुतं, म्हणून धाडलं. आन् बांधलं ते तुझंच. येवढी पळत आलीस, मग दुसरं कुणाचं बांधायचं?"